घरगुती वीजबिल आणि शासकीय साहाय्य : अर्जापूर्वीची तयारी

पालघर तालुक्याच्या दक्षिण टोकास, वैतरणा नदी समुद्रास मिळते तेथे दातिवरे हे गाव वसलेले आहे. मासेमारी, भातशेती आणि नारळाच्या वाड्या यांवर येथील अनेक कुटुंबांचा चरितार्थ चालतो. अशा कुटुंबांच्या हाती पैसा हंगामाप्रमाणे येतो. विजेचे बिल मात्र हंगाम पाहून येत नाही. पावसाळ्यात होड्या किनाऱ्यास लागलेल्या असतात, भात अजून शेतात उभे असते, आणि त्याच सुमारास बिल भरण्याची मुदत येऊन ठेपते. हा भार हलका करण्यासाठी शासनाने साहाय्य उपलब्ध केले आहे. परंतु ते आपोआप घरी चालत येत नाही. त्यासाठी अर्ज करावा लागतो. अर्जापूर्वी कोणती तयारी करावी, याचा विचार येथे केला आहे.

बिल कसे ठरते

भारतातील पहिले अणुविद्युत केंद्र याच जिल्ह्यात, तारापूर येथे, १९६९ साली सुरू झाले. वीज एवढी जवळ तयार होत असता बिल कमी का येत नाही, असा प्रश्न कित्येकदा विचारला जातो. त्याचे उत्तर असे की, विजेचा दर केंद्राच्या अंतरावरून ठरत नाही. महावितरणच्या ग्राहकांचे दर महाराष्ट्र विद्युत नियामक आयोग ठरवितो, आणि ते वापराच्या टप्प्यांप्रमाणे वाढत जातात. घरगुती ग्राहकांसाठी पहिला टप्पा १०० युनिटपर्यंतचा व दुसरा १०१ ते ३०० युनिटचा असतो. ११० युनिट वापर झाल्यास सर्वच युनिट महाग होतात, हा समज चुकीचा आहे. वरच्या १० युनिटांनाच दुसऱ्या टप्प्याचा दर लागतो. याशिवाय बिलात स्थिर आकार, वहन आकार व वीज शुल्क यांचा समावेश असतो.

साहाय्य मागण्यापूर्वी आपला वापर किती आहे, हे प्रत्येक कुटुंबास ठाऊक असले पाहिजे. नमुन्यादाखल एका घराचा हिशेब पाहू. ९ वॉटचे चार दिवे रोज पाच तास, ७५ वॉटचे दोन पंखे दहा तास, ६० वॉटचा दूरचित्रवाणी संच चार तास, एक लहान फ्रीज आणि थोडा वेळ चालणारा मिक्सर, असा वापर धरल्यास दिवसाकाठी सुमारे ३ युनिट, म्हणजे महिन्याला सुमारे ९० युनिट वीज लागते. त्यांतील निम्मी वीज एकट्या दोन पंख्यांना लागते. त्यांच्या जागी सुमारे ३० वॉटचे नव्या पद्धतीचे पंखे बसविल्यास महिन्याला २७ युनिट वाचतात. ही बचत कोणत्याही अर्जाविना होते. म्हणून तिचा विचार प्रथम करावा.

शेतीपंपाची बाब वेगळी आहे. वाडीचा पंप शेतीच्या स्वतंत्र जोडणीवर असावा. साडेसात अश्वशक्तीपर्यंतच्या शेतीपंपांसाठी राज्याने एप्रिल २०२४ पासून पाच वर्षांकरिता मुख्यमंत्री बळीराजा मोफत वीज योजना लागू केली आहे. घरच्या मीटरवरून पंप चालविल्यास त्या योजनेचा लाभ मिळत नाही, आणि घरगुती वापरही निष्कारण फुगलेला दिसतो.

साहाय्य कोणते मिळते

केंद्र शासनाने फेब्रुवारी २०२४ मध्ये ‘प्रधानमंत्री सूर्यघर मोफत वीज योजना’ सुरू केली. २०२६-२७ या आर्थिक वर्षापर्यंत एक कोटी घरांवर सौरसंच बसविण्याचे तिचे उद्दिष्ट आहे. या योजनेत बिलाची रक्कम रोख मिळत नाही. वीज घरच्याच छपरावर तयार व्हावी, यासाठी अनुदान मिळते. पहिल्या दोन किलोवॉटपर्यंत दर किलोवॉटला ३०,००० रुपये आणि तिसऱ्या किलोवॉटला १८,००० रुपये असे अनुदानाचे मान आहे. एका घरास जास्तीत जास्त ७८,००० रुपये मिळतात.

कमी वापर असणाऱ्या कुटुंबांना उरलेली रक्कमही जड जाते, हे ध्यानात घेऊन महाराष्ट्र शासनाने २०२५ मध्ये जोड-अनुदानाची योजना मंजूर केली. ती ‘स्मार्ट’ या संक्षिप्त नावाने ओळखली जाते. दारिद्र्यरेषेखालील कुटुंबे आणि महिन्यास १०० युनिटांच्या आत वीज वापरणारे ग्राहक यांच्यासाठी ती आहे. एक किलोवॉट संचाची किंमत सुमारे ५०,००० रुपये धरली, तर हिशेब येणेप्रमाणे होतो :

दारिद्र्यरेषेखालील ग्राहक : केंद्राचे ३०,०००, राज्याचे १७,५००, स्वतःचे २,५०० रुपये.

१०० युनिटांच्या आतील अनुसूचित जाती व जमातींचे ग्राहक : केंद्राचे ३०,०००, राज्याचे १५,०००, स्वतःचे ५,००० रुपये.

१०० युनिटांच्या आतील इतर ग्राहक : केंद्राचे ३०,०००, राज्याचे १०,०००, स्वतःचे १०,००० रुपये.

राज्याचे हे साहाय्य ठरावीक संख्येच्या ग्राहकांसाठी आहे. म्हणून पात्र कुटुंबाने अर्ज करण्यापूर्वी महावितरणच्या कार्यालयात चौकशी करावी व विलंब लावू नये.

बिलावरील नाव

अर्जाची सुरुवात बिलावरील बारा आकडी ग्राहक क्रमांकाने होते. त्या क्रमांकावर ज्याचे नाव असेल तोच अर्जदार ठरतो, आणि अनुदान त्याच्याच बँक खात्यात जमा होते. पुष्कळ घरांचे काम येथेच अडते. मीटर आजोबांच्या किंवा वडिलांच्या नावे असते. ते निवर्तून वर्षे लोटलेली असतात. बिल मात्र नियमाने भरले जात असल्यामुळे नाव बदलण्याची गरज कोणास वाटलेली नसते. मयत व्यक्तीच्या नावे अर्ज करता येत नाही.

ही अडचण विधवा स्त्रियांना विशेष जाणवते. स्वयंपाकाच्या गॅसची उज्ज्वला जोडणी १ मे २०१६ रोजी सुरू झालेल्या योजनेप्रमाणे घरातील प्रौढ स्त्रीच्याच नावे मिळते. विजेच्या मीटरचे तसे नसते. घर चालविणारी स्त्री, बिल भरणारी तीच, परंतु कागदोपत्री ग्राहक तिचा दिवंगत पती, असा प्रकार घडतो. ज्या घरास २,५०० रुपयांत संच मिळावयाचा, तेच घर कागदाअभावी मागे राहण्याचा संभव असतो. सबब, नावाचा बदल हे अर्जाच्या कामातील पहिले पाऊल समजावे.

नाव बदलण्यासाठी महावितरणकडे अर्ज करावा. मृत्यूचा दाखला, इतर वारसांची संमती, अर्जदाराची ओळख पटविणारा कागद आणि घराच्या मालकीचा पुरावा ही कागदपत्रे सर्वसाधारणपणे लागतात. गावठाणातील घरासाठी ग्रामपंचायतीच्या नमुना ८ चा उतारा व घरपट्टीची पावती उपयोगी पडते. त्या उताऱ्यावरही जुनेच नाव असल्यास प्रथम ग्रामपंचायतीत वारसनोंद करून घ्यावी. मागील थकबाकी असेल तर ती आधी फेडावी. बिल, आधारपत्र व बँकेचे पुस्तक या तिन्हींवरील नाव एकच आहे ना, हे अक्षर न् अक्षर ताडून पाहावे. एका ठिकाणी वडिलांचे नाव आणि दुसऱ्या ठिकाणी केवळ आद्याक्षर, एवढ्या फरकानेही काम रेंगाळते.

संच केवढा घ्यावा

एक किलोवॉटचा संच सरासरीने दिवसास सुमारे ४ युनिट, म्हणजे महिन्यास १०० ते १२० युनिट वीज देतो. पावसाळ्यात ढगांमुळे हे प्रमाण बरेच घटते, उन्हाळ्यात वाढते. वर दिलेल्या ९० युनिटांच्या घरास एक किलोवॉट पुरेसा आहे. ७८,००० रुपयांच्या अनुदानाकडे पाहून तीन किलोवॉटचा संच घेण्याचा आग्रह झाल्यास सावध राहावे. अनुदान मोठे दिसते, परंतु उरलेली किंमतही मोठी असते, व ती फेडण्यासाठी कर्ज काढावे लागते. योजनेत तारणाशिवाय कर्जाची सोय आहे. तथापि कर्ज ते कर्जच. मागील बारा महिन्यांच्या युनिटांची बेरीज करून तीस बाराने भागावे, आणि येणाऱ्या सरासरीप्रमाणे संच निवडावा. मीटर न वाचता सरासरीने बिल आले असेल, तर आधी ते दुरुस्त करून घ्यावे, अन्यथा हा हिशेब चुकतो.

दिवसा तयार झालेली जादा वीज तारांवाटे महावितरणकडे जाते. नेट मीटर तिची नोंद ठेवते, व ते युनिट पुढील वापरातून वजा होतात. तरीही स्थिर आकार भरावाच लागतो. बिल अगदी शून्यावर येईल अशी अपेक्षा ठेवू नये. आणखी एक गोष्ट पुष्कळांना ठाऊक नसते. बॅटरी नसलेला संच गावची वीज गेल्याबरोबर बंद पडतो. खांबावर काम करणाऱ्या तारमार्गी कामगारास धक्का बसू नये म्हणून तशी योजनाच केलेली असते. वादळात उजेड राहील या आशेने संच घेणाऱ्यांस हे आधी समजावून सांगावे.

किनाऱ्यावरील घरांनी घ्यावयाची काळजी

एका किलोवॉटसाठी सुमारे १०० चौरस फूट मोकळी जागा लागते. तीवर माडांची सावली पडता कामा नये. पट्टीच्या एका भागावर सावली आली तरी उत्पन्न घटते. पट्ट्यांचे तोंड दक्षिणेकडे असावे. खाऱ्या वाऱ्याने साधे लोखंड लवकर गंजते, म्हणून सांगाडा जस्ताचा जाड मुलामा दिलेला व बोल्ट न गंजणाऱ्या पोलादाचे घ्यावेत. मे २०२१ मध्ये तौक्ते चक्रीवादळाच्या वेळी या किनाऱ्यास वाऱ्याचा तडाखा बसला होता. असा वारा सहन होईल इतका सांगाडा पक्का बांधलेला आहे काय, हे पाहावे. कौलारू घराचे वासे व आढे प्रथम तपासून घ्यावेत. ते जीर्ण असल्यास त्यांवर भार टाकू नये. पट्ट्यांवर क्षारांचा थर बसतो, तो गोड्या पाण्याने सकाळी धुऊन काढावा. संच पुरविणाऱ्याने पाच वर्षे देखभाल करावयाची असते. तसे करारात लिहून घ्यावे.

अर्जाचा क्रम

१. सूर्यघर योजनेच्या राष्ट्रीय संकेतस्थळावर ग्राहक क्रमांक व मोबाईल क्रमांक देऊन नोंदणी करावी. स्वतःस जमत नसल्यास आपले सरकार सेवा केंद्राची मदत घ्यावी.

२. नोंदणीकृत पुरवठादारांपैकी दोघातिघांचे दर घेऊन एकाची निवड करावी व लेखी करार करावा.

३. संच बसल्यावर नेट मीटर बसवून घ्यावे व महावितरणकडून तपासणी करून घ्यावी.

४. संच चालू झाल्याची नोंद झाल्यावर बँक खात्याचा तपशील भरावा. अनुदान थेट खात्यात जमा होते.

अनुदान मिळवून देतो असे सांगून आगाऊ पैसे मागणाऱ्या मध्यस्थास काहीही देऊ नये. मोबाईलवर आलेला गुप्त क्रमांक कोणासही सांगू नये. पैसे दिल्यास प्रत्येक रकमेची पावती घ्यावी.

ग्राम कार्यकर्त्यांचे काम

गावातील कार्यकर्त्यांनी केवळ योजनेची माहिती सांगून थांबू नये. ग्रामपंचायत अधिकाऱ्यांच्या साहाय्याने दोन याद्या कराव्यात. एका यादीत ज्यांचे मीटर मयत व्यक्तीच्या नावे आहे अशी घरे, आणि दुसरीत दारिद्र्यरेषेखालील व १०० युनिटांच्या आतील घरे लिहावीत. जी घरे दोन्ही याद्यांत येतील, त्यांचे काम सर्वप्रथम हाती घ्यावे. ग्रामसभेच्या दिवशी बिल, उतारा, आधारपत्र व बँकेचे पुस्तक घेऊन येण्यास लोकांना आधी कळवावे, आणि तेथेच नावे ताडून पाहावीत. ज्या घराचे छप्पर संचास योग्य नाही, त्यास तसे स्पष्ट सांगावे आणि पंखे व दिवे बदलून होणाऱ्या बचतीचा हिशेब समजावून द्यावा. नावाच्या बदलास काही अवधी लागतो. म्हणून ते काम पावसाळ्याच्या चार महिन्यांत उरकून घेतल्यास पाऊस सरताच संच बसविता येईल, व थंडीउन्हाळ्याच्या स्वच्छ उन्हाचा पूर्ण लाभ पहिल्याच वर्षी मिळेल.