परदेशी मदतकार्यात जायचंय? आधी हाताला काम येऊ द्या

'परदेशात मदतकार्य करायचं तर कोणता कोर्स करू?' मुलं विचारतात. आई-वडील विचारतात, 'तिथे जिवाला धोका नाही ना?' दोन्ही प्रश्न रास्तच. पण त्याआधीचा प्रश्न असा: तिथे पोचल्यावर तुम्हाला नेमकं काय करता येणार आहे?

निर्वासितांच्या छावणीत कॉलरा पसरला की रुग्णांसाठी मधोमध भोक असलेल्या खाटा मांडतात. खाली बादली. बादलीत किती पाणी गेलं ते मोजायचं आणि तेवढं सलाईनने किंवा ओआरएसने भरून काढायचं. बाहेर कुणीतरी माणशी रोज किमान १५ लिटर पाणी मिळावं म्हणून पंप आणि टाक्यांचा हिशेब जुळवत असतं. म्हणजे तिथे नर्स हवी, तसाच पाणीपुरवठा जाणणारा इंजिनिअर हवा, औषधांचा साठा सांभाळणारा फार्मासिस्ट हवा, अकाउंटंटही हवा. नुसती तळमळ घेऊन गेलेल्या माणसाचं तिथे ओझंच होतं.

'डॉक्टर्स विदाउट बॉर्डर्स' ही १९९९ चं शांततेचं नोबेल मिळालेली संस्था उमेदवाराकडे साधारण दोन वर्षांचा कामाचा अनुभव मागते. ती वर्षं जिल्हा रुग्णालयात किंवा एखाद्या पाणी योजनेवर काढा. जोडीला फ्रेंच किंवा अरबी शिका. काँगो, चाड, सुदान, येमेन इथे नुसत्या इंग्रजीवर भागत नाही.

धोका खरा आहे, तो पालकांपासून लपवू नये. ३ ऑक्टोबर २०१५ ला अफगाणिस्तानात कुंदूझ इथे याच संस्थेच्या रुग्णालयावर अमेरिकेचा हवाई हल्ला झाला. ४२ जण गेले. पण रोजचा जाच वेगळाच असतो. अंधार पडल्यावर कंपाउंडबाहेर पाऊल टाकायचं नाही, महिनोन्‌महिने त्याच चार चेहऱ्यांबरोबर राहायचं, औषध संपलं की समोरच्या आईला तसं सांगायचं. माझ्या मते माणसं खचतात ती इथे.

नोकरीची शाश्वतीही कमी. २०२५ मध्ये अमेरिकेने 'यूएसएड' ही आपली परदेशी मदतीची सरकारी संस्था गुंडाळली आणि जगभर हजारोंचं काम गेलं. त्यामुळे नर्स, फार्मासिस्ट असाल तर इथल्या आपापल्या कौन्सिलची नोंदणी चालू ठेवा.

पालकांनो, मुलांना अडवण्याआधी संस्थेकडून विमा, संकटात सुटकेची सोय आणि परतल्यावरचं समुपदेशन याबद्दल लेखी उत्तर मागा. आणि जी संस्था नोकरी देण्यासाठी मुलांकडूनच पैसे मागते, तिला तिथल्या तिथे नकार द्या.