आरोपपत्र आलं म्हणून याचिका काढून घ्यायची का?

प्रश्न : माझ्या भागीदाराने गेल्या वर्षी माझ्यावर फसवणुकीचा गुन्हा नोंदवला. तो रद्द व्हावा म्हणून मी मुंबई उच्च न्यायालयात गेलो. तारखा पडत राहिल्या आणि मधल्या काळात पोलिसांनी आरोपपत्र दाखल केलं. ओळखीचे एक वकील म्हणतात, ‘तपास संपला, याचिका निरर्थक झाली, काढून घ्या.’ काय करू?
— एक वाचक, नाशिक

उत्तर : घाईने काढून घेऊ नका. याचिकेत जीव उरला आहे का, हे तुम्ही काय मागितलंय त्यावर ठरतं. शेवटी ‘प्रार्थना’ म्हणून जो भाग असतो, तो आधी वाचा. तपासाला स्थगिती द्या, तपास अधिकारी बदला, एवढंच मागितलं असेल तर वकिलांचं म्हणणं बरोबर आहे. जो तपास झालाच, तो थांबवणार कसा? (तशी स्थगिती सहजी मिळतही नाही. २०२१च्या ‘निहारिका इन्फ्रास्ट्रक्चर’ निकालात सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयांना याबाबत चांगलंच बजावलं आहे.)

पण गुन्हाच रद्द करा अशी मागणी असेल, तर गोष्ट वेगळी. ‘आनंदकुमार मोहट्टा’ प्रकरणात २०१८ साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट सांगितलं, की आरोपपत्र आल्यावरही उच्च न्यायालयाचा अंगभूत अधिकार शाबूत राहतो. खोट्या फिर्यादीचा जाच आरोपपत्राने कमी होत नाही, उलट वाढतोच. हा अधिकार पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४८२ मध्ये होता, आता नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५२८ मध्ये आहे.

मात्र जुनी याचिका तशीच ठेवून चालणार नाही. दुरुस्तीचा अर्ज देऊन आरोपपत्राला, आणि दंडाधिकाऱ्यांनी दखल घेतली असेल तर त्या आदेशालाही आव्हान द्या, प्रती जोडा. याचिका कोणत्या तरतुदीखाली आहे तेही पाहा. नुसती अनुच्छेद २२६ची रिट असेल, तर दखल घेतली गेल्यावर तो रस्ता बंद होतो, कलम ५२८चा उघडा राहतो. महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये हे सांगितलं. आता न्यायालयापुढे साक्षीदारांचे जबाबही येतील, हे लक्षात ठेवा. भागीदारीतला हिशेबाचा वाद फौजदारी केला आहे, हे त्याच कागदांतून दिसत असेल तर तुमची बाजू बळकट होईल. पैसे घेतानाच हेतू खोटा होता असं दिसत असेल, तर मला फार आशा वाटत नाही.

काढून घ्यायचीच वेळ आली, तर ‘आरोपपत्राला आव्हान देण्याची मुभा राखून’ हे शब्द आदेशात येतील असं पाहा.

दुसरी वाट दोषमुक्तीच्या अर्जाची. तुमच्यासारख्या, दंडाधिकाऱ्यांपुढे चालणाऱ्या प्रकरणात तो नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २६२ प्रमाणे आरोपपत्राच्या प्रती मिळाल्यापासून ६० दिवसांत करायचा असतो. प्रती कधी मिळाल्या, ती तारीख आजच लिहून ठेवा. उच्च न्यायालयात याचिका पडून आहे म्हणून हे दिवस आपोआप थांबत नाहीत.