दोन दाते

धन मिळविणे कष्टाचे काम आहे. परंतु मिळविलेले धन कोणत्या कामी वेचावे, हे ठरविणे त्याहूनही कठीण. पुष्कळ धनिक वाडे बांधतात, दागिने करतात. काही थोडे लोक मात्र सुंदर वस्तू जमवितात आणि अखेरीस त्या सर्वांच्या स्वाधीन करतात. अशा दोन दात्यांची ही हकीकत आहे. एक होता कोट्यधीश पेढीवाला. दुसरा होता पुण्यातील चष्म्यांचा दुकानदार.

अँड्र्यू मेलन यांचा जन्म १८५५ साली अमेरिकेतील पिट्सबर्ग येथे झाला. वडिलांची पेढी त्यांनी वाढविली, अनेक कारखान्यांना भांडवल पुरविले आणि अपार संपत्ती मिळविली. १९२१ ते १९३२ या काळात ते अमेरिकेचे अर्थमंत्री होते. हा अबोल गृहस्थ चित्रांचा मोठा शोकी होता. रशियाच्या सरकारला परकीय चलनाची निकड भासली, तेव्हा त्याने आपल्या जगप्रसिद्ध हर्मिटेज संग्रहालयातील काही चित्रे विकावयास काढली. १९३०–३१ साली मेलन यांनी त्यांतील एकवीस चित्रे विकत घेतली. राफाएल या इटालियन चित्रकाराच्या एकाच चित्रासाठी त्यांनी अकरा लाख डॉलरांहून अधिक रक्कम मोजली!

पुढे १९३७ साली मेलन यांनी आपला संग्रह राष्ट्राला अर्पण केला आणि तो ठेवण्यासाठी वॉशिंग्टन येथे भव्य इमारत बांधण्याचा खर्चही दिला. मात्र संग्रहालयाला आपले नाव देऊ नये, असा त्यांचा आग्रह होता. एका माणसाचे नाव दारावर असले, तर इतर संग्राहक आपल्या वस्तू तेथे कशाला देतील, हा त्यामागील विचार. तो खराही ठरला. पुढे अनेकांनी आपले संग्रह तेथे दिले. १९४१ साली हे राष्ट्रीय कलादालन सर्वांसाठी उघडले. ते पाहण्यास मेलन मात्र हयात नव्हते.

आता आपल्या महाराष्ट्राकडे वळू. दिनकर गंगाधर केळकर यांचा जन्म १८९६ सालचा. ते ‘अज्ञातवासी’ या नावाने कविता लिहीत. त्यांच्याजवळ मेलन यांच्यासारखी संपत्ती नव्हती. होती ती शोधक दृष्टी. राजेरजवाड्यांच्या मौल्यवान वस्तूंना ग्राहक मिळतच असत. परंतु स्वयंपाकघरातील, माजघरातील आणि देवघरातील वस्तूंकडे कोण पाहणार? केळकरांनी नेमक्या त्याच वेचल्या. समया, दौती, कोरीव दरवाजे, वाद्ये, खेळणी यांसाठी ते गावोगाव हिंडले. घोड्याच्या किंवा पक्ष्याच्या आकाराचा अडकित्ता पाहा. सुपारी कातरण्यास साधे पाते पुरे होते. तरीही कारागिराने त्याला डौल दिला. पायांच्या टाचा घासण्याच्या वज्रीवरही त्याने मोर बसविला! रोजच्या वापरातील वस्तूही सुंदर असावी, ही आपल्या पूर्वजांची रसिकता अशा वस्तूंतून दिसते. कोथरूड येथील मस्तानीच्या महालाचे अवशेषही केळकरांनी जपून आणविले आणि आपल्या संग्रहालयात पुन्हा उभे केले. या साऱ्या खटाटोपात त्यांना पत्नी कमलाबाई यांची मोलाची साथ लाभली.

या दांपत्याचा राजा नावाचा मुलगा सातव्या वर्षीच वारला. त्या दुःखाला उतारा नव्हता. केळकरांनी संग्रहालयाला स्वतःचे नाव न देता त्या बालकाचे नाव दिले. सुमारे वीस हजार वस्तूंचा हा संग्रह १९७५ साली त्यांनी महाराष्ट्र शासनाच्या स्वाधीन केला. तो विकून त्यांना सुखाने राहता आले असते. परंतु वस्तू विखुरल्या की त्यांची कथाही विखुरते. एकटा अडकित्ता ही केवळ जुनी वस्तू. शंभर अडकित्ते शेजारी मांडले, म्हणजे कारागिरांच्या कित्येक पिढ्या बोलू लागतात. केळकर १९९० साली निवर्तले. त्यांचा संग्रह मात्र एकत्र राहिला.

मुलांनो, मेलन यांनी धन ओतले, केळकरांनी आयुष्य वेचले. दोघांनीही स्वतःचे नाव मागे ठेवले आणि जे जिवापाड जपले तेच दिले. नको असलेली वस्तू देणे सोपे असते. आवडती वस्तू देणे हेच खरे दान. वाशीम जिल्ह्यातील रिठदसारख्या गावातही जुन्या घरांच्या माळ्यावर एखादे पितळी घंगाळ, बैलाची घागरमाळ किंवा शिसवी पेटी धूळ खात पडलेली असेल. ती मोडीत घालण्यापूर्वी आजीला विचारा : ही कोणी आणली, कशासाठी वापरली? उत्तर वहीत उतरवून ठेवा. वस्तूची माहिती हरवली, की वस्तू मुकी होते.

शब्दार्थ
पेढीवाला – सावकार, बँक चालविणारा
शोकी – आवड असणारा
दौत – शाई ठेवण्याचे पात्र
घंगाळ – पाणी ठेवण्याचे धातूचे मोठे भांडे
मोडीत घालणे – जुनी वस्तू धातूच्या भावाने विकणे

स्वाध्याय
१. मेलन यांनी संग्रहालयाला आपले नाव देऊ दिले नाही. का?
२. केळकरांनी कोणत्या प्रकारच्या वस्तू जमविल्या? त्यांतून काय दिसते?
३. ‘वस्तू विखुरल्या की त्यांची कथाही विखुरते’ हे विधान उदाहरण देऊन स्पष्ट करा.
४. दोन्ही दात्यांतील साम्य आणि भेद लिहा.
५. आपल्या घरातील एका जुन्या वस्तूची माहिती वडीलधाऱ्यांना विचारून दहा ओळींत लिहा.