‘काळ’ आणि ‘वेळ’ : कालभक्षी सागरजीवाच्या कल्पनेचा भाषिक विचार

काळ खाऊन जगणारा एक इवलासा सागरजीव कल्पिला, तर त्याच्या भक्ष्याला मराठीत ‘काळ’ म्हणावे की ‘वेळ’? हा प्रश्न केवळ शब्दनिवडीचा नाही. महाभारतातील यक्षप्रश्नात काळ प्राणिमात्रांना शिजवतो. मराठीतही काळ झडप घालतो, घास घेतो. तो भक्षक आहे, मृत्यूचा पर्याय आहे. याउलट ‘वेळ’ खाल्ला जातो. ‘वेळखाऊ’ हे विशेषण त्याची साक्ष देते. म्हणजे आपला जीव वेळ खात असेल, तर कल्पना विनोदाकडे झुकते. तो काळ खात असेल, तर कर्ता आणि कर्म यांची अदलाबदल होऊन भक्षकच भक्ष्य ठरतो.

या दुसऱ्या कल्पनेला जीवशास्त्रात एक प्रतिरूप आढळते. काही मिलिमीटर आकाराची ‘टुरिटॉप्सिस’ ही जेलीफिश उपासमार वा इजा झाल्यास प्रौढावस्थेतून पुन्हा बाल्यसदृश पॉलिप-अवस्थेत जाऊ शकते, हे १९९६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनाने दाखविले. तथापि तीही इतर जलचरांच्या तोंडी पडतेच. ती वय मागे नेते, मृत्यू टाळत नाही; म्हणजे तिच्या वाट्याला येतो तो वेळ, काळ नव्हे. कालभक्षी जीवाच्या कल्पनेतील शोकात्म शक्यता नेमकी या अंतरात आहे.