रग्बीचा नाद आणि महिन्याचा पगार

दहावीचा निकाल लागला की कोल्हापुरातले पालक एकच प्रश्न घेऊन येतात. "सर, पोरगं दणकट आहे, पळतंय पण चांगलं. अकरावीला न घालता रग्बीच्या अकादमीत टाकलं तर?" टीव्हीवर लीग दिसल्यापासून हा प्रश्न वाढला आहे. माझं उत्तर स्पष्ट आहे: खेळू द्या, पण शाळा-कॉलेज सोडू नका.

आधी हिशेब बघा. रग्बी प्रीमियर लीगचा पहिला मोसम जून २०२५ मध्ये मुंबईत झाला. १५ ते २९ जून, म्हणजे पंधरा दिवस. सहा संघ, प्रत्येक संघात तेरा खेळाडू आणि त्यांत भारतीय फक्त पाच. म्हणजे अख्ख्या देशासाठी तीस जागा. उरलेले साडेअकरा महिने घर कशावर चालणार, हे पालकांनी मला सांगावं.

परदेशातल्या 'रग्बी लीग'चे दाखले दिले जातात. नाव सारखं वाटलं, तरी तो मैदानावर तेरा जणांनी खेळायचा वेगळा खेळ आहे आणि त्याचा जन्मच मजुरीच्या प्रश्नातून झाला. उत्तर इंग्लंडमधले खाणकामगार आणि गिरणीकामगार शनिवारी सामना खेळले की त्यांचा खाडा पडायचा. बुडालेली मजुरी क्लबनं भरून द्यावी, ही मागणी इंग्लंडच्या रग्बी संघटनेनं फेटाळली, म्हणून २९ ऑगस्ट १८९५ रोजी हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात क्लबांनी वेगळी चूल मांडली. आज ऑस्ट्रेलियात आणि इंग्लंडमध्ये त्या खेळावर पोट भरतं, कारण मागं शंभर-सव्वाशे वर्षांचे क्लब आणि तिकीट काढून येणारे प्रेक्षक आहेत. आपल्याकडे अजून ते उभं राहिलेलं नाही.

आपल्या मातीतला दाखला घ्या. राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेनं २०१५ मध्ये रेल्वेत नोकरी धरली. पॅरिस ऑलिंपिकचं कांस्यपदक आलं १ ऑगस्ट २०२४ ला. मधली नऊ वर्षं पगार चालू होता, म्हणून नेमबाजी चालू राहिली. १९५२ ला हेलसिंकीत पदक जिंकलेल्या खाशाबा जाधवांनाही पुढं पोलीस खात्यातली नोकरीच करावी लागली.

बाकीच्या वाटा माहीतच आहेत: बी.पी.एड., फिजिओथेरपी, पंचगिरी, प्रशिक्षण. शासकीय नोकरीत पात्र खेळाडूंना पाच टक्के आरक्षण आहे. पण "सोपा खेळ, पटकन प्रमाणपत्र" असा सल्ला देणाऱ्यांना दारात उभं करू नका. प्रमाणपत्राची पडताळणी होते. ते बोगस निघालं तर नोकरी जाते आणि गुन्हाही दाखल होतो.

आता मला खरं बोलायचं आहे ते मुलींबद्दल. कोल्हापूरच्या मुली रग्बीत भारतीय संघापर्यंत पोहोचल्या आहेत. २०२१ मध्ये ताश्कंदला अठरा वर्षांखालच्या भारतीय मुलींनी आशियाई स्पर्धेत रौप्य मिळवलं. तरी लीगच्या त्या सहा संघांत एकही मुलगी नव्हती. आणि घरी काय चालतं? मुलाची शाळा सोडवून त्याला मैदानावर ढकलतात, आणि मैदान गाजवणाऱ्या मुलीला बारावीनंतर "आता बास, हातपाय मोडले तर लग्नाचं काय" म्हणून घरी बसवतात. दोन्हीकडं निर्णय पालकांचाच आणि दोन्हीकडं चुकीचा. खांद्याची दुखापत बरी होते. सतराव्या वर्षी हिसकावलेला चेंडू मात्र तिला परत मिळत नाही.

पालकहो, अकादमीची फी भरण्याआधी तीन गोष्टी विचारा. इथले किती खेळाडू राज्याकडून खेळले? त्यांतले किती जण आज नोकरीला आहेत? दुखापत झाली तर खर्च कोण करतो? उत्तरं गोलमोल आली तर उठून घरी या. मुलाचा अकरावीचा अर्ज भरा, संध्याकाळी त्याला मैदानावर पाठवा. आणि त्याच्याबरोबर त्याच्या बहिणीलाही पाठवा.