गादीचा वास कसा घालवावा?
इयत्ता चौथी

मित्रांनो, आपल्या खानदेशात कापूस पिकतो. वावरातली कपाशी घरी येते, सरकी निघते, मग पिंजारी रुई पिंजतो आणि तिची गादी होते. गादी मऊ असते, पण एक अडचण आहे. गोधडी नदीवर नेऊन धुता येते, गादी धुता येत नाही. म्हणून गादीवर लघवी झाली की घरात मोठा प्रश्न पडतो. ज्या घरात लहान बाळ आहे किंवा अंथरुणाला खिळलेले माणूस आहे, तेथे हे होतेच. मग वास येतो. कोणी नाक मुरडतो, कोणी रागावतो. हा वास का येतो व तो घरच्या घरी कसा घालवावा, हे मी या पाठात सांगणार आहे.

वास कोठून येतो?

ताज्या लघवीला फारसा वास नसतो. तिच्या १०० भागांत सुमारे ९५ भाग पाणीच असते. बाकीच्या भागात क्षार असतात आणि युरिया असतो. हा युरिया म्हणजे तोच, जो आपण कपाशीला टाकतो. पूर्वी लोकांना वाटे की युरिया फक्त प्राण्यांच्या शरीरातच तयार होतो. पण १८२८ साली जर्मनीतील फ्रेडरिक व्होलर या शास्त्रज्ञाने तो प्रयोगशाळेत तयार करून दाखवला. आता खताच्या कारखान्यात अमोनिया आणि कार्बन डायऑक्साइड हे दोन वायू जोडून युरिया करतात.

गादीत याच्या अगदी उलटे होते. ओलीत जंतू वाढतात. ते युरिया फोडतात आणि त्यातून पुन्हा अमोनिया बाहेर पडतो. तोच तो नाकात झणझण करणारा वास. अमोनिया कसा असतो हे गुरुजींनी आम्हाला वर्गात दाखवले होते. त्यांनी बशीत थोडा नवसागर व थोडा ओला चुना काडीने कालवला. लांबूनच वास आला, तरी आमच्या डोळ्यांत पाणी आले! कल्हईवाला भांड्याला लावतो तोच हा नवसागर.

यावरून एक गोष्ट कळते. वास माणसाचा नसतो. ओल किती वेळ राहिली, त्याचा तो वास असतो. सकाळी लगेच ओल काढली तर वास थोडा, संध्याकाळी काढली तर भलता.

कापसाचा प्रयोग

एका वाटीत पाणी घ्या. वावरातल्या कापसाचा छोटा बोळा त्यात टाका. तो तरंगतो. आता दवाखान्यातला पांढरा कापूस टाका. तो पाणी पिऊन बुडतो. असे का? वावरातल्या कापसाच्या धाग्यावर मेणासारखा पातळ थर असतो, तो पाण्याला चटकन आत येऊ देत नाही. दवाखान्यातल्या कापसाचा तो थर काढलेला असतो. म्हणून तो आपल्या वजनाच्या वीसपटीहूनही जास्त पाणी पितो. गादीत साधी रुई असते. त्यामुळे ओल आत उतरायला थोडा वेळ लागतो. तेवढ्यात आपण हात चालवायचा.

पाणी कमी करू नये

हे मी आजीला विचारून लिहीत आहे. मागच्या उन्हाळ्यात आजी ओसरीत घसरून पडली व तिच्या खुब्याचे हाड मोडले. दवाखान्यातून घरी आणले, पण तिला उठता येत नव्हते. रात्री आईला हाक मारेपर्यंत गादी ओली होई. आजीला लाज वाटे. मग तिने पाणी पिणेच सोडले. मी तांब्या नेला की म्हणे, "पोरा, मले पानी नको." तो मे महिना होता. आपल्या जळगाव-भुसावळकडे मे महिन्यात पारा ४५ अंशांपर्यंत जातो. तिकडे धुळ्यालाही ऊन काही कमी नसते. आजीची जीभ कोरडी पडली, तिला चक्कर येऊ लागली. आशाताई घरी आल्या. त्यांनी तिला साखर-मीठ-पाणी पाजले व आम्हाला सांगितले की, उन्हाळ्यात म्हाताऱ्या माणसाने पाणी तोडले तर जिवावर बेतते.

आणि पाणी तोडून वासही कमी होत नाही. लघवी घट्ट व पिवळी होते, तिला जास्त वास येतो, उन्हाळी लागते ती वेगळीच. तेव्हा आईने आजीला सांगितले, "तुम्ही पाणी प्या, गादीचे आम्ही पाहू." त्या दिवसापासून गादीचे काम आईने आणि मी केले. आजी पाणी पिऊ लागली आणि तिची चक्कर थांबली.

साहित्य

सुती जुनी फडकी, स्वच्छ पाणी, दोन लिंबे किंवा अर्धी वाटी पांढरे व्हिनेगर, खायचा सोडा, खाट आणि ऊन.

कृती

१) गादी ओली दिसताच चादर व गोधडी काढून धुवायला टाकावी.
२) ओल्या जागेवर कोरडे फडके ठेवून हाताने जोरात दाबावे. फडके भिजले की दुसरे घ्यावे. घासू नये. घासले तर ओल पसरते व आत जाते.
३) त्या जागेवर थोडेसे स्वच्छ पाणी शिंपडून पुन्हा कोरड्या फडक्याने दाबून काढावे. बादली ओतू नये. रुईचे गोळे होतात, आतली ओल वाळत नाही आणि कुबट वास येतो.
४) दोन लिंबांचा रस गाळून पेलाभर पाण्यात मिसळावा. किंवा अर्ध्या वाटी व्हिनेगरमध्ये अर्धी वाटी पाणी घालावे. हे पाणी डागावर शिंपडावे व दहा-पंधरा मिनिटे थांबावे. आंबट पदार्थ अमोनियाला धरून ठेवतो, मग तो नाकापर्यंत येत नाही. नंतर फडक्याने टिपून घ्यावे. लिंबू वापरले असेल तर साध्या पाण्याचे फडके फिरवावे, नाहीतर मुंग्या येतात.
५) जागा थोडी ओलसर असताना वर खायचा सोडा भुरभुरावा. तो ओल व राहिलेला आंबट वास ओढून घेतो. वाळला की झाडून टाकावा. सोडा आणि लिंबू एकत्र कालवू नये. नुसता फेस होतो व दोघांचाही जोर जातो.
६) गादी खाटेवर टाकून उन्हात ठेवावी. खाटेखालून वारा जातो, म्हणून ती जमिनीपेक्षा लवकर वाळते. दुपारी बाजू पालटावी. हाताने दाबून पाहावे. आत गार लागले तर अजून ओल आहे असे समजावे.

पावसाळ्यात ऊन नसते. तेव्हा गादी भिंतीला उभी टेकवून पंखा लावावा. चुलीजवळ ठेवू नये, रुई लगेच पेट घेते.

वास फार जुना असेल तर गादी उसवावी. खोळ धुवावी, डाग लागलेली रुई काढून टाकावी, बाकीची दोन-तीन दिवस उन्हात पसरावी व पिंजाऱ्याकडून पिंजून घ्यावी. आमची गादी अशीच पुन्हा नवी झाली. आता आम्ही खोळीवर मेणकापड घालतो व त्यावर जुनी गोधडी अंथरतो. गोधडी धुतली की काम झाले. तान्ह्या बाळाखाली मात्र मेणकापड नीट ताणून बांधावे, ते त्याच्या तोंडावर येता कामा नये.

हे करू नये

१) ब्लिचिंग पावडर गादीवर टाकू नये. लघवीतला अमोनिया आणि ती पावडर एकत्र आली की विषारी वायू होतो. डोळे चुरचुरतात, छातीत कोंडते. ती पावडर व्हिनेगर किंवा लिंबातही मिसळू नये.
२) अगरबत्ती, अत्तर किंवा फिनेल यांनी वास झाकला जातो, जात नाही.
३) वर राख किंवा चुना टाकू नये. बशीतला नवसागर आठवा. चुना लागला की अमोनिया आणखी बाहेर येतो.

लहान मुलांविषयी

काही मुले मोठी झाली तरी झोपेत अंथरूण ओले करतात. पाच वर्षांच्या १०० मुलांत साधारण १५ मुलांचे असे होते. ती मुद्दाम करत नाहीत, त्यांना झोपेत कळतच नाही. वय वाढले की बहुतेकांचे आपोआप थांबते. त्यांना मारून काही उपयोग होत नाही. मार बसेल या भीतीने मूल ओली गादी झाकून ठेवते, आणि झाकलेल्या गादीला वास जास्त येतो. म्हणून मुलाने सकाळी न घाबरता सांगावे असे घर पाहिजे. मात्र बंद झालेले पुन्हा सुरू झाले, लघवीला जळजळ झाली, ताप आला किंवा सारखी तहान लागू लागली, तर प्राथमिक आरोग्य केंद्रात दाखवावे.

आपल्या वर्गात, आपल्या गल्लीत कोणाला यावरून चिडवू नका. ज्याच्या घरी अशी अडचण असेल, त्याच्या आईला या पाठातली कृती वाचून दाखवा. आणि घरात कोणी लाजून पाणी पीत नसेल, तर आधी त्याला तांब्याभर पाणी नेऊन द्या. गादी वाळवायला आपले ऊन पुष्कळ आहे.