राजमा नीट शिजवा, मग सूप करा

अमेरिकेच्या नैऋत्येला, न्यू मेक्सिको-ॲरिझोनाकडे, गोमांस, ठिपक्यांचा पिंटो राजमा, मका, टोमॅटो आणि जिरे-मिरची घालून दाट सूप करतात. एका वाडग्यात जेवण होतं. महाराष्ट्रात २०१५ पासून गोवंशाच्या मांसाला बंदी आहे, म्हशीच्या नाही. तेव्हा आपण म्हशीचं घ्यायचं आणि पिंटोच्या जागी दुकानातला चित्रा राजमा.

आधी राजम्याचं बोलू. कच्च्या राजम्यात, लाल राजम्यात तर जास्तच, एक विषारी द्रव्य असतं. अर्धवट शिजलेला खाल्ला तर एक ते तीन तासांत उलट्या, मग जुलाब. नुसत्या मंद आचेवर तासन्‌तास ठेवून हे विष जाईलच असं नाही. म्हणून पाव किलो राजमा रात्रभर भिजवा, ते पाणी फेकून द्या, नव्या पाण्यात निदान १० मिनिटं खळखळ उकळा आणि मगच कुकरला लावा. दाणा बोटांनी सहज चेपला पाहिजे. टोमॅटो आधी घालू नका. आंबटानं दाणा कडक राहतो.

अर्धा किलो मटण कांदा-लसणावर परतून वेगळं मऊ शिजवा. त्यात राजमा, ३ टोमॅटो, मक्याचे दाणे, जिरेपूड, तिखट, मीठ घालून अर्धा तास उकळा.

मटणातलं लोह अंगी चांगलं लागतं, सोबत राजम्यातलंही जास्त लागतं. बऱ्याच घरांत मुली-बायांच्या वाट्याला नुसता रस्सा येतो. रक्त त्यांचंच कमी असतं, तेव्हा फोडी आधी त्यांना वाढा. वरून लिंबू पिळा. चहा मात्र तासाभरानं.